पाद्री म्हणतात टोचा, डॉक्टर म्हणतात नको

धर्म आणि विज्ञान यांच्या भांडणात कोण कुठल्या बाजूला उभा असणार, हे आपण ऐकण्याआधीच ठरवून टाकतो. १७२१ साली अमेरिकेतल्या ब्रिटिश वसाहतीच्या बॉस्टन गावात हा हिशेब चुकतो. देवी रोगाची (स्मॉलपॉक्सची) साथ आली होती. मुलांना मुद्दाम देवी टोचून घ्या, असं गावातले नामांकित पाद्री सांगत होते. गावात वैद्यकाची पदवी असलेला डॉक्टर एकच, विल्यम डग्लस, आणि त्याचा या प्रकाराला कडाडून विरोध होता.

पाद्रींचा म्होरक्या कॉटन मॅदर. जवळच्या सेलम गावात बायकापुरुषांना चेटूक केल्याच्या आरोपावरून फासावर देणाऱ्या खटल्यांची पाठराखण करणारा म्हणून इतिहासात बदनाम असलेला हाच तो. बाप म्हणून मात्र हा माणूस वेगळाच दिसतो. मूल जन्मतःच पापाचा वारसा घेऊन येतं आणि त्याचा हट्ट वेळीच मोडायला हवा, अशी त्याच्या प्युरिटन, म्हणजे कडक प्रोटेस्टंट ख्रिस्ती समाजाची शिकवण होती. बॉस्टन ज्या वसाहतीत होतं त्या मॅसॅच्युसेट्समध्ये १६४२च्या कायद्याने मुलांना वाचायला शिकवणं आईबापांवर बंधनकारक केलं होतं, कारण बायबल प्रत्येकाला स्वतः वाचता आलं पाहिजे. १६४६च्या एका कायद्यात तर आईबापांना न जुमानणाऱ्या सोळा वर्षांवरच्या मुलाला मृत्युदंडाची तरतूद होती! तो कधी कुणाला दिल्याची नोंद मात्र नाही. मॅदर स्वतः लिहून ठेवतो की अगदीच आडमुठेपणा किंवा गंभीर गुन्हा असल्याशिवाय मी मुलावर हात उचलणार नाही. काही काळ बापासमोर यायची बंदी हीच घरातली सगळ्यात मोठी शिक्षा वाटली पाहिजे. आणि हाच बाप छोट्या केटीला अभ्यासिकेत बोलावून सांगतो, मी लवकरच मरणार आहे, मी सांगितलेलं सगळं लक्षात ठेव. तो १७२८पर्यंत जगला. केटी त्याच्या बारा वर्षं आधी गेली.

हे बोलणं आज क्रूर वाटतं. पण त्या घरात मरण हा रोजचा पाहुणा होता. मॅदरच्या पंधरा मुलांपैकी त्याच्यामागे दोनच उरली. १७१३च्या नोव्हेंबरात गोवराने दोन आठवड्यांच्या आत त्याची बायको, नुकतीच जन्मलेली जुळी, छोटी जेरुशा आणि घरातली मोलकरीण अशी पाच माणसं नेली. त्याच साथीत त्याने गोवराच्या रुग्णाची घरच्या घरी शुश्रूषा कशी करावी यावर एक पत्रक काढलं. रोग ही देवाची इच्छा असली तरी उपाय करणं हे माणसाचं कर्तव्य, या दोन गोष्टी त्याच्या डोक्यात गुण्यागोविंदाने नांदत होत्या.

देवी टोचण्याची गोष्ट त्याला कळली ती घरातूनच, एका गुलामाकडून. १७०६ साली त्याच्या चर्चच्या मंडळींनी पश्चिम आफ्रिकेतून आणलेला एक माणूस त्याला 'भेट' दिला होता. मॅदरने त्याचं नाव ओनेसिमस ठेवलं. तुला देवी येऊन गेल्या का, असं विचारल्यावर तो म्हणाला, हो आणि नाहीही. मग त्याने हातावरचा व्रण दाखवला. त्याच्या मुलखात देवीच्या फोडातलं थोडं द्रव्य कातडीत सोडत, थोडा ताप येई आणि पुन्हा देवी येत नसत. मॅदरने बॉस्टनमधल्या इतर आफ्रिकी लोकांना विचारून पाहिलं. सगळ्यांनी तेच सांगितलं. तुर्कस्तानातल्या अशाच प्रथेचा वृत्तांत त्याने लंडनच्या रॉयल सोसायटी या वैज्ञानिकांच्या संस्थेच्या नियतकालिकात वाचला, तेव्हा १७१६ साली त्याने उलट टपाली कळवलं की हे मला आधीच माझ्या नोकराकडून माहीत आहे.

१७२१च्या एप्रिलमध्ये 'सीहॉर्स' जहाजाबरोबर देवी बॉस्टनमध्ये उतरल्या. वस्ती सुमारे ११ हजार. मॅदरने गावातल्या वैद्यांना पत्रं धाडली. एकट्या झॅबडिएल बॉइल्स्टनने प्रतिसाद दिला. २६ जूनला त्याने स्वतःच्या सहा वर्षांच्या मुलाला, थॉमसला, टोचलं. बरोबर घरातल्या दोन गुलामांनाही, त्यातलं एक तर अडीच वर्षांचं पोर होतं. त्यांना कुणी विचारलं असेल, असं मानायला जागा नाही.

कृती साधी होती. रुग्णाच्या पिकलेल्या फोडातला पू काढायचा, दंडावर एकदोन बारीक चिरा द्यायच्या, पुवात भिजवलेलं कापड त्यावर ठेवून बांधायचं आणि दिवसभराने काढायचं. जखमेवर शेकलेली कोबीची पानं लावत. एरवी हा विषाणू श्वासातून शिरतो आणि कुणाच्या लक्षात येण्याआधी आतल्या आत पसरतो. कातडीतून थोड्या प्रमाणात गेला की तो बराचसा तिथेच वाढतो आणि शरीराच्या संरक्षणयंत्रणेला तयारीला वेळ मिळतो, असं याचं स्पष्टीकरण दिलं जातं. रोग मात्र खरा असतो. इंग्लिश डॉक्टर जेन्नरची गोस्तन देवीची, म्हणजे गायींना होणाऱ्या सौम्य देवीची, लस यायला अजून पाऊणशे वर्षं होती.

म्हणूनच डग्लसला निव्वळ खलनायक ठरवणं मला पटत नाही. टोचलेला माणूस इतरांना देवी देऊ शकतो आणि त्याला कुणी वेगळं ठेवत नव्हतं, हा त्याचा मुद्दा बरोबर होता. आफ्रिकी लोकांच्या साक्षीची त्याने उडवलेली टर मात्र निव्वळ माज होता. गावाचे कारभारी बॉइल्स्टनला बंदी घालून मोकळे झाले. नोव्हेंबरात मॅदरच्या घरात खिडकीतून पेटता हातबाँब आला. वात निखळून पडल्याने तो फुटला नाही. सोबत चिठ्ठी होती, शिव्यांनी भरलेली.

त्याआधी ऑगस्टमध्ये मॅदरवरच पाळी आली होती. त्याचा चौदा वर्षांचा मुलगा सॅम्युएल हार्वर्डमध्ये शिकत होता. त्याच्या खोलीतला सोबती देवीने गेला होता आणि पोरगा मला टोचा म्हणून गयावया करत होता. टोचलं आणि मेला तर गाव फाडून खाईल, नाही टोचलं आणि मेला तर देवाला काय तोंड दाखवू, अशी बापाची डायरीत चाललेली घालमेल वाचवत नाही. शेवटी आजोबा, म्हणजे वयोवृद्ध पाद्री इन्क्रीज मॅदर, म्हणाले की गाजावाजा न करता उरकून टाक. सॅम्युएल तापाने फणफणला, पण वाचला आणि १७८५पर्यंत जगला.

साथ ओसरल्यावर बॉइल्स्टनने आकडे मांडले. आपोआप देवी आलेल्या सुमारे सहा हजारांपैकी ८४४ मेले, म्हणजे सातात एक. त्याने टोचलेल्या अडीचशेच्या आसपास लोकांपैकी ६ मेले, म्हणजे चाळिसात एक. तुलना काटेकोर नव्हती, कारण टोचायला आलेले लोक मुळातच धडधाकट असू शकतात. तरीही उपचाराची बाजू मतांऐवजी मोजणीने मांडण्याचा हा फार लवकरचा प्रयत्न होता. १७२६ साली तो लंडनमध्ये छापला गेला आणि बॉइल्स्टन रॉयल सोसायटीचा सदस्य झाला.

टोचण्याविरुद्ध रान उठवणारं 'न्यू इंग्लंड कूरंट' हे वृत्तपत्र जेम्स फ्रँकलिनचं. त्याच्या छापखान्यात धाकटा भाऊ बेंजामिन, पुढे शास्त्रज्ञ आणि मुत्सद्दी म्हणून गाजलेला, उमेदवारी करत होता. पुढे बेंजामिन टोचण्याचा पुरस्कर्ता झाला. पण १७३६ साली त्याचा चार वर्षांचा फ्रान्सिस देवीने दगावला. पोर हगवणीतून उठलं की टोचू, म्हणून थांबले होते. टोचल्यामुळेच मूल गेलं अशी आवई उठली, तेव्हा पुत्रशोकातल्या बापाला स्वतःच्या वृत्तपत्रात खुलासा छापावा लागला. काही करून झालेलं नुकसान आपल्याला काही न करून झालेल्या नुकसानापेक्षा जास्त टोचतं, हे मानसशास्त्राने अलीकडे प्रयोगांनी दाखवलं आहे. फ्रँकलिनने आत्मचरित्रात आईबापांना तेच बजावलं: पश्चात्ताप दोन्हीकडे सारखाच आहे, तेव्हा कमी धोक्याची वाट धरा. १७५९ साली लंडनमध्ये असताना त्याने डॉक्टर विल्यम हेबर्डेनकडून एक पुस्तिका लिहवून घेतली आणि तिच्या प्रती वसाहतींत फुकट वाटायला पाठवल्या. शल्यवैद्याची फी न परवडणाऱ्या घरात आईबापांनीच मुलाला कसं टोचावं, हे त्यात सोप्या भाषेत सांगितलं होतं.