हिरोशिमाच्या बॉम्बची चाचणी झालीच नव्हती

१६ जुलै १९४५ च्या पहाटे अमेरिकेत न्यू मेक्सिकोच्या वाळवंटात जगातला पहिला अणुस्फोट झाला आणि तीन आठवड्यांनी, ६ ऑगस्टला, हिरोशिमावर बॉम्ब पडला. हे दोन प्रसंग आपण एकापाठोपाठ वाचतो. त्यामुळे वाळवंटात जो फोडून पाहिला तोच पुढे हिरोशिमावर टाकला, असा समज होऊन बसतो. पण ते दोन वेगळ्या जातींचे बॉम्ब होते. हिरोशिमाचा बॉम्ब युरेनियमचा होता आणि तसा बॉम्ब त्याआधी कुठेही फोडून पाहिलेला नव्हता. वाळवंटातला प्लुटोनियमचा होता. ९ ऑगस्टला नागासाकीवर पडला, तो त्याचाच भाऊबंद. एकाला चाचणी लागली नाही आणि दुसऱ्याला लागली, याचं कारण अवेळी उगवणाऱ्या न्यूट्रॉनमध्ये आहे.

न्यूट्रॉन अणुकेंद्रावर आदळतो, केंद्र फुटतं, त्यातून दोन-तीन नवे न्यूट्रॉन सुटतात आणि ते पुढची केंद्रं फोडतात. एका पिढीला लागणारा वेळ सेकंदाच्या दहा कोटीव्या भागाएवढा. अशा ऐंशीएक पिढ्या झाल्या की शहर नष्ट करणारी ऊर्जा बाहेर पडते, म्हणजे सगळा खेळ सेकंदाच्या दहा लाखाव्या भागात आटोपतो. मात्र ही साखळी टिकायला पुरेसा माल, म्हणजे युरेनियम किंवा प्लुटोनियम, एका जागी हवा. म्हणून माल दोन तुकड्यांत वेगळा ठेवायचा आणि हवा त्या क्षणी एकत्र आणायचा.

न्यू मेक्सिकोतल्याच लॉस अलामोसच्या गुप्त बॉम्ब-प्रयोगशाळेत त्यासाठी सुचलेला पहिला मार्ग अगदी सरळ होता : तोफ. नळीच्या एका टोकाला एक तुकडा बसवायचा आणि दुसऱ्या टोकाकडून दुसरा तुकडा त्यावर डागायचा. हिरोशिमाचा बॉम्ब असाच होता. त्यात सुमारे ६४ किलो युरेनियम होतं. तोफेचं तंत्र जुनं आणि खात्रीचं, शिवाय चाचणीत उधळायला जास्तीचं युरेनियमही हाताशी नव्हतं. प्लुटोनियमसाठीही तोफच ठरली होती. तिची लांबी जवळपास १७ फूट, म्हणून तिला नाव मिळालं ‘थिन मॅन’.

मग १९४४ चा वसंत उजाडला. इटलीहून आलेले भौतिकशास्त्रज्ञ एमिलियो सेग्रे आणि त्यांचे तरुण सहकारी प्रयोगशाळेपासून दूर, पाहारितो नावाच्या दरीतल्या एका लाकडी खोपटात मोजमापं घेत होते. प्रश्न असा होता की बाहेरून न्यूट्रॉन न आदळता प्लुटोनियमची केंद्रं आपोआप किती वेळा फुटतात? सायक्लोट्रॉनमध्ये (कणांना वेग देणाऱ्या यंत्रात) बनवलेल्या प्लुटोनियमच्या कणभर नमुन्यांनी चिंता वाटावी असं काही दाखवलं नव्हतं. एप्रिलमध्ये टेनेसी राज्यातल्या ओक रिजच्या अणुभट्टीत तयार झालेलं प्लुटोनियम आलं आणि तेच आकडे कितीतरी पट वाढले.

उलगडा झाला तो असा. अणुभट्टीत न्यूट्रॉनचा मारा प्रचंड असतो. त्यात प्लुटोनियम-२३९ ची (हा आकडा म्हणजे केंद्रातल्या कणांची संख्या) काही केंद्रं न फुटता न्यूट्रॉन गिळतात आणि प्लुटोनियम-२४० होतात. हा भाऊ मोठा अस्थिर. त्याच्या एका ग्रॅममधून सेकंदाला सुमारे हजार न्यूट्रॉन आपोआप बाहेर पडतात.

आता हिशोब करू. समजा ६ किलो प्लुटोनियम आहे आणि त्यात फक्त १ टक्का हा २४० आहे, म्हणजे ६० ग्रॅम. सेकंदाला साठ हजार न्यूट्रॉन झाले. तोफेतले तुकडे एकमेकांत शिरायला साधारण एक सहस्रांश सेकंद लागतो. तेवढ्यात साठ न्यूट्रॉन हजर! त्यांतला एकही साखळी सुरू करायला पुरेसा आहे. तुकडे पुरते भिडण्याआधीच प्रक्रिया सुरू होणार, तापलेला माल फुगून एकमेकांपासून दूर जाणार आणि हाती राहणार फुसका बार. युरेनियमच्या तोफेत तेवढ्या अवधीत एकही न्यूट्रॉन न येण्याचीच शक्यता जास्त होती.

२४० वेगळा काढावा, तर तेही अशक्यप्राय होतं. युरेनियमच्या दोन समस्थानिकांत, म्हणजे एकाच मूलद्रव्याच्या कमी-जास्त वजनाच्या अणूंत, तीनचा फरक आहे आणि ते वेगळे करायला ओक रिजमध्ये प्रचंड कारखाने उभे राहिले होते. इथे फरक फक्त एकचा. जुलै १९४४ मध्ये प्लुटोनियमची तोफ सोडून द्यावी लागली. तिकडे वॉशिंग्टन राज्यात हॅनफर्डला प्लुटोनियमसाठी भल्यामोठ्या अणुभट्ट्या उभ्या राहत होत्या आणि त्यातून निघणाऱ्या मालाचा बॉम्ब कसा करायचा, हेच आता कुणाला माहीत नव्हतं.

उरला तो मार्ग सेठ नेडरमायर या शास्त्रज्ञाने १९४३ मध्येच सुचवला होता आणि बहुतेकांनी तो फारसा मनावर घेतला नव्हता. प्लुटोनियमच्या गोळ्याभोवती सगळ्या बाजूंनी स्फोटकं रचायची, ती एकाच क्षणी उडवायची आणि गोळा आतल्या आत दाबायचा. दाबला की घनता वाढते, अणुकेंद्रं जवळ येतात आणि साखळी पेटते. हे इतक्या झटक्यात होतं की अवेळी येणाऱ्या न्यूट्रॉनला संधीच मिळत नाही.

ऐकायला सोपं आहे. पाण्याने भरलेला फुगा दोन्ही हातांनी सारखा दाबून बघा, तो बोटांच्या फटींतून बाहेर येतोच. स्फोटाचा दाबही असाच वाकडातिकडा पडत होता. भिंगाने प्रकाश वळवावा तशी स्फोटाची लाट वळवणारे स्फोटकांचेच ३२ ठोकळे, फुटबॉलवरच्या षटकोन-पंचकोनांसारखे जुळवून, शेवटी हा पेच सुटला. (१८ मे १९७४ ला पोखरणला झालेल्या आपल्या पहिल्या चाचणीतही हीच पद्धत होती. त्यातलं प्लुटोनियम मुंबईत, ट्रॉम्बेच्या ‘सायरस’ अणुभट्टीत तयार झालेलं.)

हे ठोकळे ओतीव होते आणि क्ष-किरणांखाली त्यांत हवेची पोकळी दिसायची. स्फोटकतज्ज्ञ जॉर्ज किस्टियाकोव्स्की यांनी चाचणीच्या आठवडाभर आधी दातांच्या डॉक्टरचं ड्रिल मागवलं आणि रात्र जागून, दातातली कीड कोरावी तशी त्या पोकळ्यांपर्यंत भोकं पाडली, त्यात वितळलेलं स्फोटक ओतलं. एवढी स्फोटकं मांडीवर उडाली तर कळायचंही नाही, असं ते पुढे सांगत. असं हाताने बुजवलेलं यंत्र चाचणीशिवाय कोण वापरणार?

१३ जुलैला चाचणीच्या जागेजवळच्या, मॅकडोनाल्ड कुटुंबाच्या रिकाम्या घरात, झोपायच्या खोलीच्या खिडक्या प्लास्टिक लावून बंद करून, बॉम्बचा प्लुटोनियमचा गाभा जुळवण्यात आला. प्लुटोनियम स्वतःच्या किरणोत्सारानेच हाताला कोमट लागतं. चाचणीसाठी उभारलेल्या मनोऱ्याखाली तो भाग बॉम्बच्या पोटात उतरवताना अर्ध्यातच अडकला. सगळे थबकले. गाभा गरम आणि सभोवतालचा धातू थंड, म्हणून जागा पुरेना. दोन्ही एकमेकांना टेकवून थांबले, तापमान सारखं झालं आणि गाभा अलगद आत सरकला. या सगळ्या कथेत मला हा क्षण सर्वांत जास्त आठवतो. जगातला सर्वांत भयंकर पदार्थही बरणीच्या घट्ट झाकणासारखाच वागला.

१६ तारखेला पहाटे पावसामुळे वेळ पुढे ढकलली आणि ५ वाजून २९ मिनिटांनी शंभर फुटी पोलादी मनोऱ्यावर स्फोट झाला. १६ किलोमीटरवर उभ्या असलेल्या एन्रिको फर्मी यांनी लाट पोचताना हातातले कागदाचे कपटे सोडले. ते सुमारे अडीच मीटर सरकले, त्यावरून त्यांनी दहा हजार टन टीएनटी या स्फोटकाएवढ्या ताकदीचा अंदाज बांधला. २०२१ मध्ये झालेल्या फेरमोजणीत हा आकडा सुमारे २४,८०० टन ठरला. साध्या कपट्यांवरून इतकं जवळ जाणं ही विलक्षणच गोष्ट.

पण मनोरा बुटका होता. आगीच्या गोळ्याने जमिनीवरची माती वर ओढली आणि किरणोत्सारी धूळ ईशान्येकडे गेली. वीसेक किलोमीटरवरही माणसं राहत होती. तिथले कित्येक लोक छपरावरचं पावसाचं पाणी टाकीत साठवून प्यायचे. त्यांना ना आधी कळवलं, ना नंतर हलवलं. वर्तमानपत्रांत छापून आलं की दारूगोळ्याचं एक कोठार उडालं आहे. चुपाडेरा पठारावर चरणाऱ्या गुरांच्या पाठीवरचे केस गळाले आणि पुन्हा आले ते पांढरे. लष्कराने त्यांतली काही गुरं विकत घेतली. सेकंदाच्या दहा लाखाव्या भागाची काळजी घेणाऱ्या माणसांना हे शेजारी दिसले नाहीत, याचं मला फार वाईट वाटतं.

धूळ तिथेच थांबली नाही. हजार मैलांहून दूर इंडियाना राज्यात नदीचं पाणी वापरून बनवलेल्या पुठ्ठ्यात ती उतरली. त्या पुठ्ठ्यात बांधलेल्या कोडॅकच्या क्ष-किरण फिल्मवर डाग उमटू लागले आणि कंपनीच्या ज्युलियन वेब या भौतिकशास्त्रज्ञाने त्यांचा माग काढत तो अणुस्फोटापर्यंत नेला.

अणुचाचण्यांच्या किरणोत्साराने आजारी पडलेल्यांना भरपाई देणारा कायदा अमेरिकेने १९९० मध्ये केला. त्यात पुढे नेवाडा राज्यात झालेल्या चाचण्यांचा वारा लागलेले लोक होते, पण या पहिल्या स्फोटाच्या वाऱ्याखालचे न्यू मेक्सिकोचे रहिवासी नव्हते. त्यांचा समावेश झाला तो जुलै २०२५ मध्ये, चाचणीला ८० वर्षं होत असताना.