नादमुकुट

नादमुकुट : कानावर येणाऱ्या ध्वनीला दृश्य प्रकाशाचे रूप देणारे काल्पनिक, जादुई शिरोभूषण. ते डोक्यावर असताना आवाज ऐकू येतोच, शिवाय तो जिथून निघाला तिथे उजेड दिसतो. पूर्ण अंधारात फक्त आवाज करणाऱ्या वस्तू दिसतात. निश्चल दगड दिसत नाही, श्वास रोखून उभा राहिलेला माणूसही नाही.

रंग कोणता द्यायचा, हा या कल्पनेतला सर्वांत कठीण प्रश्न आहे. माणसाला साधारण २० ते २०,००० हर्ट्‌झ कंप्रतेचे, म्हणजे सेकंदाला तितकी कंपने असलेले, ध्वनी ऐकू येतात. कंप्रता दुप्पट झाली की स्वर एक सप्तक वर चढतो, त्यामुळे कानाचा पल्ला जवळजवळ दहा सप्तकांचा आहे. डोळ्याला दिसणारा प्रकाश सुमारे ३८० ते ७५० नॅनोमीटर तरंगलांबीचा, म्हणजे जेमतेम एका सप्तकाचा. दहा सप्तके एकात बसवायची तर सरळ मार्ग असा की, स्वराची कंप्रता ती दृश्य प्रकाशात पोहोचेपर्यंत दुप्पट करीत जावी. वाद्ये जुळवताना वापरतात तो ४४० हर्ट्‌झचा स्वर ४० वेळा दुप्पट केला की सुमारे ६२० नॅनोमीटरचा नारिंगी प्रकाश मिळतो. २२० हर्ट्‌झचा स्वर एकदा जास्त दुप्पट करावा लागतो आणि तोही त्याच नारिंगीवर येतो. मंद्र, मध्य आणि तार षड्ज (खालचा, मधला आणि वरचा ‘सा’) कानाला एकाच घरचे वाटतात, हे जाणणाऱ्याला ही रीत लगेच पटते. मात्र मग ढोलाचा घुमारा आणि शिट्टी एकाच रंगाची दिसू शकतात. त्यामुळे खालच्या स्वराचा उजेड पसरट आणि वरच्याचा बारीक, टोकदार मानणे भाग पडते.

स्वरांना रंग जोडण्याची ओढ जुनी आहे. ‘राग’ हा शब्दच रंगवणे या अर्थाच्या ‘रंज्’ धातूपासून आला. देवगिरीच्या यादवांच्या आश्रयाला असलेल्या शार्ङ्गदेवाने तेराव्या शतकात संगीतरत्नाकरात सातही स्वरांचे वर्ण सांगितले आहेत : षड्ज कमळासारखा, गांधार सोनेरी, मध्यम कुंदफुलासारखा पांढरा, पंचम काळा, धैवत पिवळा. न्यूटनने १७०४ मध्ये प्रसिद्ध केलेल्या प्रकाशशास्त्रावरील ग्रंथात वर्णपटाचे सात रंग स्वरसप्तकातील अंतरांशी जुळवून दाखवले. या दोन जुळण्यांचा एकमेकींशी मेळ नाही, आणि तो नसणेच स्वाभाविक आहे. ध्वनी हा हवेच्या दाबातला चढउतार, तर प्रकाश विद्युतचुंबकीय तरंग. एकाचा रंग दुसऱ्याला लावण्याचा कोणताही निसर्गनियम नाही. म्हणून प्रत्येक मुकुटाची रंगसंगती वेगळी असणे हेच या कल्पनेला सर्वांत शोभून दिसते.

तेजाच्या बाबतीत जादूची गरज फार मोठी आहे. साध्या बोलण्यातून बाहेर पडणारी ध्वनिशक्ती सुमारे एक लक्षांश वॉट असते. ती सगळी प्रकाशात बदलली तरी खोली उजळणार नाही. मुकुटाला बाकीची ऊर्जा पदरची घालावी लागते. शिवाय जेमतेम ऐकू येणारा आवाज आणि कान दुखवणारा आवाज यांच्या तीव्रतेत एकास एक लाख कोटी इतका फरक पडतो. कान तो आकसून घेतो, मुकुटालाही तसेच करावे लागेल. नाहीतर कुजबुज कधीच दिसायची नाही आणि ओरडण्याने डोळे दिपतील.

काळाच्या अंगाने मात्र ही कल्पना विलक्षण सुंदर होते. हवेत ध्वनी सेकंदाला सुमारे ३४३ मीटर जातो. १७ मीटरवरच्या भिंतीसमोर टाळी वाजवली तर तळहातांशी उजेड फुटेल आणि एक दशांश सेकंदाने भिंतीवर त्याचा फिका प्रतिध्वनी उमटेल. वीज दोनदा दिसेल : एकदा डोळ्यांनी, आणि दर किलोमीटरमागे सुमारे तीन सेकंदांनी पुन्हा मुकुटातून. विजेची वाट काही किलोमीटर लांब असते, तिच्या जवळच्या भागाचा आवाज आधी पोहोचतो. त्यामुळे क्षणात चमकून गेलेली तीच रेघ दुसऱ्या वेळी जवळून दूर अशी सावकाश पेटत जाईल. गडगडाट लांबतो तो का, हे याहून स्पष्ट कोणत्याही आकृतीत दिसणार नाही.

प्रत्यक्षातील प्रयत्नांत एर्न्स्ट क्लाड्नी यांनी १७८७ मध्ये प्रसिद्ध केलेल्या आकृत्या आधी येतात. वाळू पसरलेल्या धातूच्या पत्र्याच्या कडेवर व्हायोलिनचा गज ओढला की वाळू न थरथरणाऱ्या रेषांवर गोळा होते. एकोणिसाव्या शतकात रुडॉल्फ केनिग यांनी वायूची ज्योत ध्वनीने थरथरवून ती फिरत्या आरशात दाखवली. आवाज उजेडातून पाहण्याचा हा मुकुटाच्या सर्वांत जवळचा नमुना म्हणता येईल. ध्वनीतून खराखुरा प्रकाश निर्माण होण्याची घटनाही आहे. द्रवातील बुडबुडे तीव्र ध्वनीने आकसताना अत्यंत अल्पकाळ चमकतात. हे १९३४ मध्ये जर्मनीतील कोलोन येथे आढळले.

ऐकू न येणाऱ्या माणसाच्या डोक्यावर हा मुकुट काय करील? हाक कुठून आली ते पहिल्याच क्षणी कळेल. बोलणे वाचायला मात्र सराव लागेल, कारण एकच अक्षर दोन गळ्यांतून वेगळे उजळते आणि शेजारच्या अक्षरात मिसळून जाते. बोलण्यातील कंप्रतांचा आलेख काढणारी यंत्रे विसाव्या शतकाच्या मध्यास तयार झाली, तेव्हा असे आलेख बहिऱ्यांना वाचता यावेत ही आशा त्यांमागे होती. ते वाचायला शिकता येते, पण शब्दागणिक कष्टाने.