डी डॉइचेन

झेडडीएफ या जर्मन सार्वजनिक वाहिनीची इतिहासविषयक माहितीपट-मालिका. नावाचा अर्थ ‘जर्मन लोक’. दोन पर्वे (२००८ व २०१०), प्रत्येकी दहा भाग, एकेक भाग सुमारे पाऊण तासाचा. मालिकेची सूत्रे इतिहासकार-पत्रकार गीडो क्नॉप आणि पेटर आरेन्स यांच्याकडे होती.

क्नॉप यांचे नाव झाले ते हिटलरकाळावरील माहितीपटांमुळे. त्यांची सारी भिस्त जुन्या चित्रफिती आणि हयात साक्षीदारांच्या मुलाखतींवर असे. पहिले पर्व सुरू होते त्या दहाव्या शतकासाठी यांपैकी काहीच हाताशी नाही. त्यामुळे इथे नटांकडून प्रसंग उभे केले, संगणकावर दृश्ये रचली आणि निवेदनाने सांधे जुळवले.

या पद्धतीची खरी कसोटी लागते ती जर्मन राजा हेन्री चौथा आणि पोप ग्रेगरी सातवा यांच्या भागात. जानेवारी १०७७ मध्ये, पोपने धर्मबहिष्कृत केलेला हेन्री इटलीतील कनोसाच्या किल्ल्यापाशी क्षमायाचनेसाठी आला. बर्फात उभा अनवाणी राजा हे चित्र प्रत्येक जर्मन शाळकरी मुलाला ठाऊक असते. खुद्द पोपचे पत्र उपलब्ध आहे: राजचिन्हे उतरवून, अनवाणी, लोकरीच्या कपड्यांत तो तीन दिवस दारापाशी थांबला, हा धर्माचा कठोरपणा नव्हे, जुलूम आहे, असे पोपच्याच भोवतीचे काही जण ओरडले. बर्फाचा त्यात उल्लेख नाही. कडाक्याच्या हिवाळ्याचे रसभरित वर्णन आहे ते हेर्सफेल्डचा मठवासी लांपेर्ट याचे. आल्प्स उतरताना राणी आणि तिच्या सख्यांना बैलांच्या कातड्यांवर बसवून घसरत नेले, हा तपशीलही त्याचाच. लांपेर्ट हेन्रीचा कट्टर विरोधक. पण कॅमेऱ्याला लागणारे सगळे त्याच्याकडेच मिळते, ही खरी अडचण.

पहिल्या पर्वाची सुरुवात दहाव्या शतकातील राजा ओटो पहिला याच्यापासून होते. लेखफेल्टला हंगेरियनांचा पराभव (९५५) आणि रोममध्ये सम्राटपदाचा अभिषेक (९६२) या त्याच्या कारकिर्दीतील ठळक घटना. त्याला ‘जर्मनां’चा आरंभ म्हणणे बऱ्याच मध्ययुग-अभ्यासकांना पटत नाही, आणि ते रास्तच आहे, त्याची प्रजा स्वतःला सॅक्सन, फ्रँक, बव्हेरियन म्हणवत होती. ‘जर्मनांचे राज्य’ ही भाषा रूढ झाली ती पुढच्या शतकात, आणि त्यात मोठा वाटा ग्रेगरीचा. साऱ्या ख्रिस्ती जगावर हक्क सांगणाऱ्या हेन्रीला त्याची मर्यादा दाखवून द्यायला ती सोयीची होती.

दुसऱ्या पर्वात दहांपैकी चार भाग मध्ययुगाचे: फ्रँकांचा राजा शार्लमेन, सम्राट फ्रेडरिक दुसरा, बिंगेनची मठवासिनी हिल्डेगार्ड आणि सम्राट चार्ल्स चौथा. यांतला शार्लमेन तर फ्रेंचही आपलाच मानतात.