गणिताच्या यंत्रात गेम्स कुठून आले?

अमेरिकेत शिकलेल्या आणि आज तिशी-चाळिशीत असलेल्या माणसाकडे टीआय-८३ या ग्राफिंग, म्हणजे आलेख काढणाऱ्या, कॅल्क्युलेटरचा विषय काढा. आलेख आणि समीकरणं मागे राहतात, आधी ड्रगवॉर्स, फिनिक्स, ब्लॉक ड्यूड ही गेम्सची नावं निघतात. न्यू जर्सी किंवा टेक्सासमध्ये वाढलेल्या मराठी घरांतल्या मुलांच्या आठवणीही याहून वेगळ्या नाहीत. आपल्याकडे मात्र हे यंत्र कधी फारसं पोचलंच नाही. बारावी बोर्डाच्या पेपरला लॉग टेबल, इंजिनिअरिंगला गेल्यावर साधा सायंटिफिक कॅल्क्युलेटर आणि ‘प्रोग्रॅमेबल चालणार नाही’ ही सूचना, एवढ्यावर आपला विषय संपतो. मुंबई-पुण्यातल्या आयबी, म्हणजे आंतरराष्ट्रीय अभ्यासक्रमाच्या, शाळांतली मुलं तेवढी अपवाद, कारण त्यांच्या गणिताच्या परीक्षेला ग्राफिंग कॅल्क्युलेटर लागतोच. त्यामुळे या यंत्रावर गेम टाकण्यासाठी तीस वर्षं एवढी झटापट का चालली, हे मराठी वाचकाला मुळापासून सांगायला हवं. माझ्या मते या झटापटीचं मूळ परीक्षेत आहे. परीक्षेमुळे हे यंत्र प्रत्येक मुलाच्या दप्तरात गेलं आणि परीक्षेमुळेच त्याला कुलपं लागली.

सुरुवात कॅसिओने केली. १९८५ साली आलेला एफएक्स-७०००जी हा आलेख काढणारा पहिला कॅल्क्युलेटर. पडदा ९६ बाय ६४ ठिपक्यांचा आणि प्रोग्रॅमसाठी जागा अवघी ४२२ बाइट. एचपीने १९९० मध्ये एचपी-४८एसएक्स काढला. इंजिनिअर मंडळी त्याच्यावर फिदा होती आणि त्याच्यावरही पुढे उत्तम गेम्स झाले. पण शाळांचा बाजार मारला तो टेक्सास इन्स्ट्रुमेंट्सने, म्हणजे टीआयने. त्यांचा पहिला ग्राफिंग कॅल्क्युलेटर टीआय-८१, तोही १९९० चाच. त्यात झेड८० प्रोसेसर होता. १९७६ चा हा प्रोसेसर तोवर घरगुती संगणकांत मुरलेला होता.

टीआय जिंकली त्याला यंत्रापेक्षा शिक्षक जास्त कारणीभूत झाले. १९८९ मध्ये अमेरिकेतल्या गणित शिक्षकांच्या राष्ट्रीय परिषदेने वरच्या वर्गांतल्या सगळ्या मुलांना ग्राफिंग कॅल्क्युलेटर कायम हाताशी असावा, अशी शिफारस केली. ओहायो स्टेट विद्यापीठातले फ्रँक डेमाना आणि बर्ट वेट्स हे दोघे प्राध्यापक शिक्षकांना हे यंत्र वर्गात कसं वापरायचं ते शिकवत होते. १९९४ पासून कॉलेज प्रवेशाच्या एसएटी परीक्षेत कॅल्क्युलेटर चालू लागला आणि १९९५ पासून एपी कॅल्क्युलसच्या, म्हणजे शाळेतच देता येणाऱ्या कॉलेज पातळीच्या, परीक्षेत ग्राफिंग कॅल्क्युलेटर आवश्यकच झाला. मग पाठ्यपुस्तकात कोणतं बटण दाबायचं तेही टीआयच्याच मॉडेलप्रमाणे छापलं जाऊ लागलं. पालकांनी शंभर डॉलरच्या आसपास मोजले आणि यंत्र दप्तरात आलं.

एकदा पुस्तकं आणि परीक्षा एका यंत्राला बांधल्या गेल्या की ते यंत्र बदलण्यात कुणालाच रस उरत नाही. कॅसिओचा १९८५ चा ९६ बाय ६४ ठिपक्यांचा पडदा टीआय-८३ प्लसवर १९९९ मध्ये होता आणि टीआय-८४ प्लसवर २००४ मध्येही तेवढाच होता. ग्राहक म्हणून हे चीड आणणारं आहे. गेम लिहिणाऱ्यांना मात्र या थांबलेल्या काळाचा फायदाच झाला. मोठ्या भावाने लिहिलेला प्रोग्रॅम धाकटीच्या नव्या यंत्रावर बहुधा जसाच्या तसा चालत असे.

सगळ्यात सोपी वाट टीआय-बेसिकची होती. प्रोग्रॅम लिहायला संगणक लागत नसे, ‘पीआरजीएम’ बटण दाबून तिथल्या तिथे कॅल्क्युलेटरवरच सुरुवात करता यायची. आठ ओळी, प्रत्येक ओळीत सोळा अक्षरं, एवढंच मैदान. कोणतं बटण दाबलं हे ‘गेटकी’ या आज्ञेने कळायचं. ती बटणाचा क्रमांक द्यायची, आणि तो म्हणजे बटणाची रांग आणि त्या रांगेतली जागा. डावा बाण चोविसाव्या क्रमांकाचा, वरचा पंचवीस, उजवा सव्वीस आणि खालचा चौतीस. हे चार आकडे आणि एक ‘व्हाइल’ची फेरी कळली की पडद्यावर एक अक्षर इकडून तिकडे पळवता येतं. गणिताच्या तासाला मागच्या बाकावर कितीतरी मुलांनी आयुष्यातला पहिला प्रोग्रॅम याच रीतीने लिहिला. चल, अट, फेरी, निर्देशांक हे सगळं त्यांना कुणी न शिकवता आलं, कारण त्यांना साप चालवायचा होता. शाळेतल्या संगणकाच्या तासाने हे काम एवढं चोख क्वचितच केलं असेल.

पण बेसिक संथ होतं. एकेक ओळ वाचून अर्थ लावत जायचं म्हटल्यावर धावपळीचा गेम त्यात जमत नाही. म्हणून बेसिकमध्ये गाजले ते आकडेमोडीचे आणि मजकुराचे खेळ. ड्रगवॉर्स त्यांतला सर्वात पसरलेला. मुळात १९८४ सालचा, संगणकांच्या जुन्या डॉस सिस्टिमवरचा हा खेळ: शहरभर फिरत स्वस्तात घ्यायचं, महागात विकायचं आणि कर्ज फेडायचं. विषय शाळेत चालण्यासारखा मुळीच नव्हता, तरी तो वर्गावर्गांतून फिरला.

खरा वेग हवा तर थेट प्रोसेसरच्या भाषेत, म्हणजे असेम्ब्लीत लिहायला हवं, आणि तो दरवाजा टीआयने बंद ठेवला होता. तो उघडला १९९२ च्या टीआय-८५ वर. या मॉडेलला २.५ मिलिमीटरच्या पिनेची लिंक केबल जोडता येत होती आणि सगळी मेमरी संगणकावर बॅकअप म्हणून उतरवून घेता येत होती. त्या बॅकअपच्या आत ‘कस्टम’ मेन्यूची माहितीही असते. ती अशी बदलायची की मेन्यूतली नोंद निवडताच यंत्राने आपण ठेवलेल्या कोडकडे उडी घ्यावी. मग बदललेला बॅकअप परत कॅल्क्युलेटरवर चढवायचा. १९९४ च्या सुमारास या पळवाटेतून झेडशेल हा पहिला शेल, म्हणजे असेम्ब्लीतले गेम्स चालवून देणारा प्रोग्रॅम, उभा राहिला. मॅग्नस हागांडर आणि डॅन एबल यांची नावं त्याच्याशी जोडलेली आहेत. कंपनीचा कागद नाही, मदत नाही, तरी आतली मेमरी कुठे काय ठेवते याचा नकाशा हौशी मंडळींनी स्वतः काढला. मला या साऱ्या इतिहासात सगळ्यात मोठी वाटणारी गोष्ट हीच आहे.

पुढे टीआय-८२ साठी शेल निघाले, १९९५ च्या टीआय-९२ साठी डेव्हिड एल्सवर्थचा फार्गो निघाला. टीआयने तेव्हा शहाणपण दाखवलं. लोक करणारच आहेत तर सोय करून द्यावी, असा पवित्रा घेत टीआय-८६ मध्ये आणि १९९९ च्या टीआय-८३ प्लसमध्ये ‘एएसएम’ ही आज्ञा अधिकृतपणे आली. ‘सेकंड’ दाबून शून्याच्या बटणावरचा कॅटलॉग उघडायचा, एएसएम निवडायची, पुढे प्रोग्रॅमचं नाव, एंटर, की गेम सुरू. आयन आणि मिराजओएससारख्या शेलमुळे तेवढाही खटाटोप उरला नाही, यादीतून गेम निवडायचा एवढंच.

संगणकाला जोडायची ग्राफ लिंक केबल वेगळी विकत घ्यावी लागे. काही जण संगणकाच्या प्रिंटर पोर्टला बसेल अशी केबल घरीच डाग देऊन बनवत. पण वर्गात एकाकडे केबल असली तरी पुरे होतं. कॅल्क्युलेटरसोबत मिळणारी छोटी वायर दोन यंत्रांत खुपसायची, एकाने ‘सेंड’, दुसऱ्याने ‘रिसीव्ह’ दाबायचं आणि मधल्या सुट्टीत गेम हातोहात अख्ख्या वर्गात.

असेम्ब्लीतले गेम्स काय करून दाखवत होते, याचा एकच नमुना पुरेसा आहे. पडद्यावरचा ठिपका एकतर काळा किंवा कोरा, मधली छटा नाहीच. पण हा एलसीडी आळशी होता, लावलेला ठिपका विझायला वेळ घ्यायचा. लिहिणाऱ्यांनी तो आळसच कामाला लावला. ठिपका वेगाने लावत-विझवत राहिलं की डोळ्याला राखाडी दिसतो. दोन चित्रं आलटून पालटून दाखवायची, एक जास्त वेळ, एक कमी वेळ, की पांढऱ्या-काळ्यासकट चार छटा मिळतात. पॅट्रिक डेव्हिडसनचा फिनिक्स हा अंतराळातल्या गोळीबाराचा गेम यंत्रामागून यंत्रावर नेला गेला आणि अजूनही तो खेळला की लेखणीतली सफाई जाणवते. एक चूक झाली तर मात्र यंत्र गोठायचं आणि रॅममधलं सगळं पुसलं जायचं, त्यात गृहपाठाचे प्रोग्रॅमही.

परीक्षेपूर्वी शिक्षक मुद्दाम तेच करायला लावत. मेमरीच्या मेन्यूतून रीसेट केलं की पडद्यावर ‘रॅम क्लिअर्ड’ अशी ओळ येते. मुलांनी तीच ओळ दाखवणारे नकली प्रोग्रॅम लिहिले. शिवाय टीआय-८३ प्लसमध्ये फ्लॅश मेमरी आली होती. गेम तिथे ‘अर्काइव्ह’ करून ठेवला की रॅम पुसली तरी तो शाबूत राहायचा. याला उत्तर म्हणून टीआय-८४ प्लसवर ‘प्रेस-टू-टेस्ट’ आलं: डावा बाण, उजवा बाण आणि ऑन एकदम दाबले की प्रोग्रॅम आणि अ‍ॅप बंद. गेमसाठी उघडलेली वाट सूत्रं लपवायलाही चालते, ही शिक्षकांची अडचण खरी होती आणि ती मान्य केलीच पाहिजे.

याच्याही आत आणखी एक कुलूप होतं. टीआय-८३ प्लसची ऑपरेटिंग सिस्टिम ५१२ बिटांच्या आरएसए किल्लीने सही केलेली असायची, म्हणजे कंपनीची सोडून दुसरी सिस्टिम चढवता येऊ नये. या किल्लीचं बळ एका प्रचंड संख्येत असतं, तिचे अवयव पाडता आले की सही कुणालाही करता येते. ज्या वर्षी हे मॉडेल आलं त्याच १९९९ मध्ये संशोधकांनी सुमारे ३०० संगणक लावून ५१२ बिटांच्या, १५५ अंकी संख्येचे अवयव पहिल्यांदा पाडले होते. दहा वर्षांनी, जुलै २००९ मध्ये, बेंजामिन मूडी या हौशी प्रोग्रॅमरने घरच्या एका संगणकावर ७३ दिवसांत टीआय-८३ प्लसच्या किल्लीचे अवयव पाडले. मग अनेकांनी आपापले संगणक जोडून बाकीच्या किल्ल्याही काही आठवड्यांत काढल्या. टीआयने कॉपीराइट कायद्याखाली त्या काढून टाकण्याच्या नोटिसा पाठवल्या. ऑक्टोबर २००९ मध्ये इलेक्ट्रॉनिक फ्रंटिअर फाउंडेशन ही डिजिटल हक्कांसाठी लढणारी संस्था हौशी मंडळींच्या बाजूने उभी राहिली. विकत घेतलेल्या यंत्रावर आपला प्रोग्रॅम चालवणं म्हणजे कुणाच्या लेखनाची चोरी नव्हे, ही तिची भूमिका मला पूर्ण पटते.

टीआय-एनस्पायर २००७ मध्ये आला तो कडेकोट बंदोबस्तातच. २०१० मध्ये हौशी मंडळींच्या एनडलेस या प्रोग्रॅमने तोही फोडला. फ्रान्सच्या नमवर्क्स या कंपनीने २०१७ मध्ये कॅल्क्युलेटरचं कोडच सगळ्यांसाठी खुलं ठेवलं, पण परीक्षांच्या दबावाखाली २०२१ मध्ये तिनेही दार लावून घेतलं.

सगळ्यात मोठा धक्का मे २०२० चा. टीआय-८४ प्लस सीई हे २०१५ चं रंगीत मॉडेल तोवर हौशी मंडळींचं लाडकं झालं होतं. ३२० बाय २४० ठिपक्यांचा पडदा, झेड८० चाच थोरला वारस असलेला ईझेड८० प्रोसेसर, आणि लोकांनीच तयार केलेली सी भाषेची साधनं. नव्या सिस्टिममधून टीआयने असेम्ब्ली आणि सी प्रोग्रॅम चालवण्याची सोयच काढून टाकली. कारण दिलं परीक्षेच्या सुरक्षिततेचं. सिस्टिम एकदा चढली की मागे फिरता येत नाही, त्यामुळे अपडेट करू नका असा निरोप जाणकारांनी घाईघाईने फिरवला. ज्यांचं अपडेट होऊन गेलं होतं त्यांच्यासाठी त्याच वर्षी आर्टिफाइस ही नवी पळवाट निघाली. तिची सुरुवात होते ती यंत्रात टीआयनेच दिलेल्या कॅब्री ज्युनिअर या भूमितीच्या अ‍ॅपमधून.

टीआय-बेसिकला कुणी हात लावलेला नाही. २०२१ च्या मॉडेलमध्ये पायथनही आलं आहे आणि मुलं त्यात साप, टेट्रिस लिहू लागली आहेत.