संस्कृत, संगणक आणि बांगडे: एक खुलासा

‘संस्कृत ही संगणकासाठी सर्वांत योग्य भाषा, हे सिद्ध झालंय’ असा मेसेज आमच्या मालवणच्या ग्रुपवर दर गणपतीत फिरतो.

त्यामागे खरं बीज आहे. १९८५ मध्ये एका इंग्रजी नियतकालिकात आलेल्या लेखाने संस्कृत वैयाकरणांचं विश्लेषण आणि संगणकातली अर्थजाळी (वाक्यातल्या गोष्टींची नाती बाणांनी दाखवणारी आकृती) यांतलं साम्य दाखवलं. ती तुलना होती, सिद्धता नव्हे. तुलना मात्र फार सुंदर आहे, स्वतः करून पाहा.

‘तांडेलाने जाळ्याने बांगडे पकडले.’ कागदाच्या मध्यभागी ‘पकडणे’ लिहा आणि तिथून तीन बाण काढा: कर्ता तांडेल, करण (म्हणजे साधन) जाळं, कर्म बांगडे. ‘ने’ दोनदा आला, तरी बाणांची नावं वेगळी! शब्दांचा क्रम उलटा करा, आकृती तीच. मालवणीत ‘तांडेलान जाळ्यान बांगडे पकडल्यान’ म्हणा, तरीही तीच. म्हणजे आकृती अर्थाची असते, कुठल्याही भाषेच्या वाक्यावरून काढता येते.

आणि संगणकाला अडवणारी संदिग्धता, म्हणजे एकाच लिखाणाचे दोन अर्थ, संस्कृतातही आहे. सलग लिहिलेलं ‘नतेन’ म्हणजे ‘न तेन’, त्याने नव्हे. किंवा ‘नतेन’, वाकलेल्याने. कोणतं, ते संदर्भावरूनच ठरतं.