बर्म्युडाच्या वादळात घड्याळे मागे पडतात का?
अटलांटिक महासागरातील बर्म्युडा त्रिकोणात अधूनमधून असे वादळ उठते की त्यात शिरलेले विमान अर्धा तास आधीच मुक्कामी पोहोचते किंवा प्रवाशांची घड्याळे दहा मिनिटे मागे पडतात, ही गोष्ट अनेक दशके फिरते आहे; पण ती खरी नाही.

विमान लवकर पोहोचण्यात गूढ काहीच नसते. ताशी 300 किलोमीटर वेगाच्या छोट्या विमानाला 400 किलोमीटर जायला 80 मिनिटे लागतात. पाठीमागून ताशी 100 किलोमीटरचा वारा मिळाला, तर तेच अंतर 60 मिनिटांत सरते. वीस मिनिटे वाचली ती वाऱ्यामुळे, आणि घड्याळ या काळात अगदी बरोबर चाललेले असते.

उडत्या विमानात काळाची गती खरोखर बदलते, हे मात्र मान्य केले पाहिजे, कारण ते मोजले गेले आहे. 1971 मध्ये हाफेले आणि कीटिंग या अमेरिकी शास्त्रज्ञांनी सीझियमची अत्यंत अचूक आण्विक घड्याळे साध्या प्रवासी विमानांतून पृथ्वीभोवती फिरवली, तेव्हा पूर्वेकडे गेलेली घड्याळे सुमारे 59 नॅनोसेकंद मागे पडली आणि पश्चिमेकडे गेलेली सुमारे 273 नॅनोसेकंद पुढे गेली. एक नॅनोसेकंद म्हणजे सेकंदाचा अब्जावा भाग. अख्ख्या पृथ्वीप्रदक्षिणेत एवढाच फरक पडत असेल, तर एका ढगातून जाताना दहा मिनिटे गळून पडणे अशक्य आहे.

5 डिसेंबर 1945 रोजी फ्लोरिडाहून निघालेली अमेरिकी नौदलाची पाच विमाने 14 जणांसह नाहीशी झाली, तीही काळाच्या भोवऱ्यात नव्हे: होकायंत्रे बिघडल्याचे सांगणारा प्रमुख वैमानिक दिशा चुकला होता, अंधार पडला होता, समुद्र खवळला होता आणि इंधन संपत आले होते.