हिवाळ्यात घरात ५० टक्के आर्द्रता हवीच?

टोरांटो, मिनियापोलिसकडच्या घरांत थंडी सुरू झाली की एक सल्ला हमखास मिळतो: ह्युमिडिफायर (हवेत ओलावा सोडणारं यंत्र) ५० टक्क्यांवर लावा आणि मार्चपर्यंत हात लावू नका. ओठ फुटलेल्या माणसाला तो पटतोही. पण कडाक्याच्या थंडीत हा आकडा घराला महागात पडतो.

घरात २१ अंश सेल्सिअस आणि ५० टक्के आर्द्रता असेल, तर साधारण १० अंशांहून गार असलेल्या कुठल्याही पृष्ठभागावर पाणी सुटतं. बाहेर उणे २० असताना खिडकीच्या काचेची कड या १० अंशांहून गार असू शकते. सकाळी पडदा सरकवून पाहा: काचेच्या तळाशी थेंब, लाकडी चौकट फुगलेली, कोपऱ्यात काळे ठिपके. ती बुरशी. भिंतीच्या आत काय चाललंय ते तर दिसतच नाही.

हीटर हवेतलं पाणी ‘खातो’, हीसुद्धा ऐकीव गोष्ट. उणे २० च्या हवेत मुळातच बाष्प नगण्य असतं. तीच हवा फटींतून आत शिरून २१ अंशांपर्यंत तापली की आर्द्रता जेमतेम ५ टक्के भरते. म्हणून आधी दारं-खिडक्यांच्या फटी बुजवा, यंत्र नंतर.

आकडा बाहेरच्या पाऱ्याबरोबर बदलायचा. शून्याच्या आसपास ४० टक्के चालतील, उणे २० ला ३० च्याही खाली उतरा. स्वस्तातलं आर्द्रतामापक जवळ असू द्या, पण शेवटचा शब्द काचेचा. तिच्यावर पाणी दिसलं की ह्युमिडिफायर कमी करा, आणि कुकर लावताना किंवा अंघोळीच्या वेळी एक्झॉस्ट फॅन विसरू नका.